पर्लला दिसत नव्हतं

"डॉक, चार नंबरच्या पेनमध्ये एक घोडी वेडी झालीय. लवकर ये."

वॉकीटॉकीवर रॉयचा आवाज आला आणि मी हातातलं काम टाकून निघाले. रॉय म्हणजे घोडे पकडणाऱ्या कंत्राटदाराचा फोरमन. त्याचं आख्खं आयुष्य घोड्यांत गेलेलं, त्यामुळे तो सहसा घाई करत नाही. तो 'लवकर ये' म्हणाला म्हणजे खरंच लवकर जायला हवं होतं.

पेन म्हणजे आपला कोंडवाडा. लोखंडी पाइपांच्या जाळ्या एकमेकींना अडकवून दोन दिवसांत उभा करायचा आणि काम झालं की उचलून न्यायचा. चार नंबरमध्ये घोड्या होत्या. बाकीच्या सगळ्या एका कोपऱ्यात दाटीवाटीने उभ्या होत्या आणि मधल्या मोकळ्या जागेत एक करडी घोडी गोल गोल फिरत होती. दर फेरीला तिचा खांदा जाळीवर आपटत होता. कातडं सोलवटलं होतं. पाण्याचा हौद वाटेत आला, त्यावरही ती आदळली, दचकली आणि पुन्हा फिरू लागली.

मी जाळीवर चढले आणि ती जवळून जाताना तिच्या डोळ्यासमोर हात हलवला. दिसत असलेलं कुठलंही जनावर अशा वेळी पापणी मिटतं किंवा मान झटकतं. हिने काहीच केलं नाही. दोन्ही बुबुळं निळसर, दुधाळ झाली होती आणि डोळे आत ओढले गेले होते.

या दुखण्याला इथे 'मून ब्लाइंडनेस' म्हणतात. घोड्याच्या डोळ्याला आतून सूज येते, बरी होते, परत येते. दर खेपेला थोडी नजर जाते आणि शेवटी अंधार. पूर्वी लोकांना वाटायचं की हे चंद्राच्या कलांप्रमाणे येतं-जातं, म्हणून तसं नाव. चंद्राचा काडीचाही संबंध नाही.

"आंधळी आहे," मी रॉयला म्हटलं. "आणि आज झालेली नाही. बरीच वर्षं झाली असणार."

"शक्यच नाही. हेलिकॉप्टरच्या पुढे मैलोनमैल पळत आलीय ती."

त्याचंही खरं होतं. आणि मला आणखी एक गोष्ट कळत नव्हती. घोडी बारीक नव्हती.

ते का महत्त्वाचं, ते सांगते. घोड्याची तब्येत आम्ही एक ते नऊ अशा आकड्यांत मोजतो. बरगड्यांवरून, पाठीवरून, शेपटीच्या मुळाशी हात फिरवायचा, नाहीतर लांबून नीट निरखायचं. एक म्हणजे हाडांचा सापळा, नऊ म्हणजे लग्नाच्या वरातीतला घोडा. पाच म्हणजे उत्तम. ही आंधळी घोडी पाच होती. उघड्या माळावर, जिथे पाण्यासाठी दिवसभर चालावं लागतं, तिथे ठार आंधळं जनावर महिनाभरही टिकू नये. ही चांगली खाऊन-पिऊन होती.

मी मूळची मराठवाड्यातली. जनावरांची डॉक्टर तिकडेच झाले. नवऱ्याच्या नोकरीमुळे नेवाडात आले, इथल्या लायसन्सच्या परीक्षा पहिल्यापासून दिल्या आणि आता राज्याच्या उत्तरेला एका लहान गावातल्या दवाखान्यात काम करते. हात म्हशींवर बसलेला, इथे वाट्याला घोडे आले. नाव संघमित्रा. कोणी 'सॅम' म्हणतं, कोणी 'डॉक'. दोन्हींना ओ देते. मोठ्या जनावरांचे डॉक्टर या भागात मिळत नाहीत, म्हणून रानातले घोडे पकडायचे असले की सरकारी खात्याचा फोन येतो आणि मी जाते.

अमेरिकेच्या पश्चिमेला सरकारी मालकीची प्रचंड जमीन आहे. आपल्याकडच्या गायरानासारखी समजा, फक्त नजर पोचणार नाही एवढी. सगळ्यांची जमीन. तिथे हरणं असतात, परवाना काढलेल्यांच्या गाई चरतात आणि रानटी घोडे राहतात. या घोड्यांना कायद्याचं संरक्षण आहे. पण सगळ्यांची जमीन म्हणजे कोणाचीच नाही, हे गायरानं कशी जातात ते पाहिलेल्या माणसाला सांगायला नको. आमच्या या दरीखाली लिथियम सापडलं. लिथियम म्हणजे बॅटरीतला माल. फोनची बॅटरी, गाडीची बॅटरी. आमच्या दारातही बॅटरीवर चालणारी गाडी उभी आहे, त्यामुळे मी फार आवाज चढवून बोलत नाही.

खाणीला परवानगी मिळाली. दरीत बारमाही झरा एकच. त्याच्याभोवती खाणीचं कुंपण पडलं. त्यानंतर खात्याने जाहीर केलं की दुष्काळामुळे या भागात घोड्यांना पुरेसं पाणी नाही, त्यांचे हाल होतील, म्हणून तातडीने सगळेच्या सगळे घोडे हलवायचे. महाडच्या तळ्याची गोष्ट ऐकत मी मोठी झाले. पाण्याला कुंपण कसं घालतात आणि मग कारणं काय देतात, ते आमच्या घरात पोरांना शाळेत जायच्या आधी कळायचं.

पहिल्या दिवसापासून मी घोड्यांच्या तब्येती लिहीत होते. पाच. पाच. साडेचार. पाच. हाल झालेलं जनावर मला अजून दिसायचं होतं. खात्याची अधिकारी केली नावाची बाई होती, कामाला चोख, बोलायला तुटक. तिला मी म्हटलं, "केली, हे उपाशी-तहानलेले घोडे नाहीत."

"नोंद घेतली," ती म्हणाली.

 मी परत कामाला लागले.

तर प्रश्न असा होता की ही घोडी पाच कशी. उत्तर मी सकाळीच पाहिलं होतं, फक्त कळलं नव्हतं.

घोडे पकडण्याला इथे 'गॅदर' म्हणतात, म्हणजे गोळा करणं. पारिजातकाची फुलं वेचावीत तसं वाटतं ऐकायला. प्रत्यक्षात हेलिकॉप्टर घोड्यांना मागून हाकत आणतं. कोंडवाड्याच्या तोंडाला दोन्ही बाजूंना गोणपाटाच्या लांबच लांब भिंती असतात, नरसाळ्यासारख्या निमुळत्या होत जाणाऱ्या. घोडे नरसाळ्यात शिरले की एक माणसाळलेला घोडा पुढे सोडतात. तो सरळ कोंडवाड्यात पळतो, बाकीचे त्याच्या मागे. आत पोचला की त्याला ओट्स मिळतात. आपल्याकडे अशांना घरभेदी म्हणतात. इथेही त्याचं नाव येशूला फितूर झालेल्या शिष्यावरून पडलंय.

सकाळी एक जोडी सगळ्यात शेवटी आली होती. म्हातारासा तपकिरी घोडा आणि त्याला अगदी चिकटून ही करडी घोडी. तिचं नाक त्याच्या बरगड्यांना लागलेलं. ती दमली असावी असं मला वाटलं. पायलटलाही तसंच वाटलं असणार, कारण त्याने हेलिकॉप्टर बरंच मागे ठेवलं. दोघं दुडक्या चालीने आत आली. आत आल्यावर निवडानिवड होते. एका अरुंद बोळातून एकेक जनावर पुढे ढकलायचं. नर उजवीकडे, माद्या डावीकडे. एकत्र ठेवले तर नर माद्यांवरून मारामाऱ्या करतात, त्यात पाय मोडतात. नियम शहाणपणाचा आहे. फाटक उजवीकडे फिरलं, तो गेला. डावीकडे फिरलं, ही गेली.

मी नरांच्या पेनकडे पाहिलं. तिथे नेहमीचा गोंधळ चालला होता. तो तपकिरी मात्र एका कोपऱ्यात, चार नंबरच्या दिशेने तोंड करून उभा होता आणि थांबून थांबून खिंकाळत होता. घोडीचा कान दर वेळी तिकडे वळायचा. ती तिकडे निघायची आणि जाळीवर आपटायची.

"रॉय, हिला पाच नंबरमध्ये घे."

"तो नरांना लागून आहे."

"म्हणूनच. मध्ये जाळी आहे ना? एकत्र नाही ठेवत, शेजारी ठेवतोय."

रॉयने कुरकुर केली, पण घेतलं. घोडी पाच नंबरमध्ये आली. म्हातारा जाळीपाशी आला आणि नाकातून हळूच आवाज केला. ती चालत गेली आणि तिचं नाक पाइपांमधून त्याच्या मानेला लागलं. तिच्या अंगाची थरथर थांबलेली मला लांबून दिसली. मग तो जाळीच्या कडेकडेने चालू लागला. ती पलीकडून बरोबर चालली. हौद दोन्ही पेनच्या मधोमध होता. तो प्यायला थांबला, तिने मान खाली घातली आणि पाणी प्याली. आत आल्यापासून पहिल्यांदा.

रॉय बराच वेळ बघत राहिला. "शेवटी-शेवटी माझी आई अशीच माझ्या बापाचा शर्ट धरून सुपरमार्केटमध्ये फिरायची," तो म्हणाला आणि ट्रककडे निघून गेला.

जेवणाच्या सुट्टीत मी टेकाडावर गेले. गॅदर बघायला लोकांना परवानगी असते, पण दोरीच्या मागून. तिथे लिंडा घडीच्या खुर्चीवर बसलेली असे. निवृत्त शाळाबस ड्रायव्हर, सत्तरीची. शेजारच्या राज्यात तिची सोडलेल्या-टाकलेल्या घोड्यांसाठी एक जागा होती, घोड्यांचा वृद्धाश्रमच म्हणा. खाणीविरुद्ध कोर्टात गेलेल्या गटात ती होती. सभा, निवेदनं, वकील, सगळं करून झालं होतं. कोर्टाने गॅदर थांबवायला नकार दिला, तेव्हापासून ती रोज येऊन नुसते फोटो काढायची. घोड्यांना तिने नावं दिली होती.

"ती करडी म्हणजे पर्ल," लिंडा म्हणाली. "आणि तो डीकन. दोघं कायम बरोबर. तिचं काय झालं? का फिरत होती?"

"तिला दिसत नाही, लिंडा. तुम्हाला माहीत होतं?"

"पर्लला? छे. मी कित्येक वर्षं बघतेय तिला."

तिने कॅमेऱ्यातले फोटो मागे मागे न्यायला सुरुवात केली. बर्फातले, धुळीतले, झऱ्यावरचे. प्रत्येक फोटोत दोघं लागून उभी. इतक्या वर्षांत इतक्या मोठ्या लेन्समधून बघूनही कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. लक्षात यायची वेळच त्या घोड्याने येऊ दिली नव्हती. लिंडाने कॅमेरा मांडीवर ठेवला आणि तोंडावर हात धरला. माझ्या नाकावर धूळ होती, ती पुसायच्या निमित्ताने मी चेहरा पुसला.

आता नियम असा. पकडलेल्या घोड्यांत एखादा आंधळा निघाला तर त्याला पुढच्या प्रवासाला पाठवत नाहीत. ट्रकमधल्या गर्दीत तो पडतो, तुडवला जातो. त्याला तिथेच इंजेक्शन देऊन संपवायचं आणि कारण लिहायचं 'आधीपासूनचा आजार'. म्हणजे पकडण्यामुळे मेला नाही, तो मरायचाच होता. ते इंजेक्शन देणारी मी. रविवारच्या वंदनेत माझे वडील आम्हा भावंडांकडून पंचशील म्हणून घ्यायचे. त्यातलं पहिलं शील प्राणिहिंसा न करण्याचं. ते आणि माझा धंदा यांचं कधीच पुरतं जमलेलं नाही. पण उगाच कोणाला संपवायचं नाही एवढं तरी मी पाळते.

मी केलीकडे गेले. सांगितलं की ही घोडी आजारी नाही. तिला डोळे आहेत, ते शेजारच्या पेनमध्ये उभे आहेत. दोघांना एकत्र कुठेतरी पाठवा.

केलीने ऐकून घेतलं. "कुठे?"

"लिंडा दोघांना घ्यायला तयार आहे. तिचा ट्रेलर दुसऱ्या फेरीवर आहे, सोमवारी येईल."

लिंडाही दोरीच्या पलीकडून आली होती. तिने केलीला जे म्हटलं ते मी विसरणार नाही. "केली, आम्ही तुमच्याकडे आख्खी दरी मागत होतो. ती नाही मिळाली. आता दोन म्हातारे घोडे मागतोय."

केलीने हातातली यादी चाळली. मग म्हणाली, "माझ्याकडून हरकत नाही. म्हातारे घोडे असे देता येतात, ऑफिसची मंजुरी सोमवारपर्यंत आणते. पण सोमवारपर्यंत ते राहतील कुठे? हा कोंडवाडा खाणीच्या रस्त्याच्या हद्दीत आहे. शुक्रवारी जागा मोकळी करून द्यायचीय."

मी म्हटलं, "रस्त्यावाल्यांशी मी बोलते."

मोठ्या विश्वासाने म्हटलं, कारण रस्त्याचं वेळापत्रक मंदारच्या हातात होतं. मंदार सोलापूरचा. आधी मिशिगनमध्ये नोव्हाय नावाच्या गावात गाड्यांच्या कंपनीत होता. मग बॅटऱ्यांच्या मागे मागे इकडे आला आणि आता रस्ता बांधणाऱ्या कंपनीत कामाचं शेड्यूल सांभाळत होता. पहिल्याच दिवशी एका शिंगराला मी "अरे बाळा, हळू, हळू" म्हणताना त्याने ऐकलं आणि धावत आला. "ताई, तुम्ही मराठी?" तेव्हापासून त्याच्या डब्यातली धपाटी आणि शेंगाचटणी मला रोज मिळायची. त्या उजाड माळावर शेंगाचटणी मिळाली की माणूस विरघळतो. मी विरघळले होते.

"मंदार, एकच पेन सोमवारपर्यंत राहू दे. बाकी सगळं काढा. दोन म्हातारे घोडे आहेत फक्त."

"ताई, शुक्रवारी रस्ता सपाट करायला ग्रेडर येतोय ना. शेड्यूल फार टाइट आहे यार." त्याने मान खाजवली. "पण बघतो मी. वर बोलतो."

"नक्की ना? मी त्या बाईला सांगू का, सोमवारी ट्रेलर आण म्हणून?"

"सांगा हो. होऊन जाईल. तुम्ही टेन्शन नका घेऊ."

मी जाऊन केलीला सांगितलं, "सोमवारपर्यंत थांबतायत ते."

"तो 'हो' म्हणाला?"

"हो म्हणाला."

"ठीक. नाहीतर मी पलीकडच्या गुरांच्या रँचवर एक पेन मागणार होते. आता फोन करत नाही."

जन्मभर मराठी माणसांत वाढलेली बाई मी. 'बघतो' म्हणजे काय, 'होऊन जाईल' म्हणजे काय, हे मला कोणी शिकवायची गरज नव्हती. लग्नाला येणार नसलेला माणूस 'नक्की बघतो' म्हणतो, हे कोणाला माहीत नाही? पण इतकी वर्षं इथे तोंडावर 'नो' ऐकून मी कंटाळले होते. गोड बोलणारं माणूस भेटलं, ताई म्हणालं, आणि मला तो होकार वाटला.

शुक्रवारी सकाळी पोचले तर अर्धा कोंडवाडा जमिनीवर होता. रॉयची माणसं जाळ्या सोडवून ट्रकवर रचत होती. पिवळा ग्रेडर बाजूला इंजिन चालू ठेवून उभा. नरांना न्यायचा मोठा ट्रक मागचं दार उघडून लागला होता आणि निम्मे नर चढलेही होते. मी धावत मंदारकडे गेले.

"हे काय? सोमवार म्हणाला होतास ना?"

"ताई, मी बोललो होतो वर. खरंच बोललो. ते म्हणाले, पॉसिबल नाही."

"कधी म्हणाले?"

"परवाच. संध्याकाळी."

"मग सांगितलं का नाहीस मला? एक फोन करायचा होता. सरळ 'नाही' म्हणायचं होतं."

तो खाली बघत होता. "तुम्हाला वाईट वाटलं असतं, ताई."

मी त्याला काय बोलले ते इथे लिहीत नाही. बोलून उपयोगही नव्हता. केलीने तिथल्या तिथे रँचवर फोन लावला. मालक गुरं घेऊन वरच्या कुरणात गेला होता, तिथे फोन लागत नाही. लिंडाचा ट्रेलर अजून दुसऱ्या राज्यात होता. मी ट्रकवाल्याला म्हटलं, एक घोडा मागे ठेव, थोडा थांब. तो म्हणाला, "मॅम, माझे गाडी चालवायचे तास सुरू झालेत. वेळ संपली की कायद्याने मला रस्त्यात गाडी थांबवावी लागते. मग सगळे घोडे उन्हात उभे राहतील." तोही खोटं बोलत नव्हता. त्या सकाळी तिथे वाईट माणूस शोधून सापडला नसता.

"डीकनला चढवू नका," मी रॉयला म्हटलं.

"डॉक, तो चढला. पहिल्याच गटात."

आणि तेवढ्यात ट्रकच्या आतून तो खिंकाळला.

पर्ल पाच नंबरमध्ये एकटी होती. तिने मान वर केली. ट्रकचं दार लागलं, इंजिनाचा आवाज वाढला आणि ट्रक हलला. तो पुन्हा खिंकाळला, या वेळी लांबून. पर्ल आवाजाच्या रोखाने सरळ धावली. नरांच्या पेनकडची जाळी सोडवून आडवी टाकलेली होती. तिचा पुढचा पाय पाइपांत गेला आणि ती पुढे पडली. हाड मोडल्याचा आवाज मी आयुष्यात पुष्कळदा ऐकला आहे. तो नव्याने ऐकावा असं कधीच वाटत नाही.

मोडलं होतं ते गुडघ्याच्या खालचं हाड, आणि कातडीबाहेर आलं होतं. रानटी घोडीचा असा पाय बांधून बरा होत नाही. ती तीन पायांवर उठायचा प्रयत्न करत होती, त्याच दिशेने. रॉयने आपलं जाकीट काढून तिच्या डोळ्यांवर टाकलं. घोडा शांत व्हावा म्हणून तसं करतात. मग त्याच्या लक्षात आलं की हिला त्याचा काय उपयोग, आणि तरी त्याने ते काढलं नाही. मी तिच्या मानेवर हात ठेवला. मनातल्या मनात पहिलं शील म्हटलं आणि औषध सोडलं. फार वेळ लागला नाही. त्या दिवशी सोपं गेलं असं तेवढंच.

या औषधाने मेलेलं जनावर उघड्यावर ठेवता येत नाही. गरुड, कोल्हे येऊन खातात आणि तेही मरतात. खोल पुरावं लागतं. मी कोणाला तरी सांगणार होते, तेवढ्यात मोठा खोदणारा एक्स्कॅव्हेटर आमच्याकडे येताना दिसला. मंदार त्याच्या पुढे चालत होता. त्याने त्या मशिनचं दिवसाचं काम बाजूला काढून ते आणलं होतं. वर विचारलं होतं की नाही कोण जाणे. खड्डा होईपर्यंत तो माझ्यापासून थोडा लांब उभा राहिला. नंतर म्हणाला, "ताई, घरी गेल्यावर मी मुलीला काय सांगू? तिला मी रोज घोड्यांचे फोटो पाठवायचो."

"खरं सांग," मी म्हटलं. तेव्हा मला त्याची दया येऊ द्यायची नव्हती, पण आली.

जागा रस्त्याच्या हद्दीतलीच होती. पुढे त्यावरून रस्ता गेला. दरीतले बाकी सगळे घोडे नेले, ती तेवढी तिथे राहिली.

मग नोंद करायची वेळ आली. मृत्यूचं कारण. केली माझ्या शेजारी उभी होती. आंधळेपणा लिहिला असता, आधीपासूनचा आजार, तर सगळ्यांचंच सोपं होतं. मी लिहिलं, 'पाय मोडला. पकडण्याच्या आणि वेगळं करण्याच्या कामात.' केलीने वाचलं. मला वाटलं 'नोंद घेतली' म्हणेल. तिने माझ्या हातातलं पेन घेतलं, सही केली आणि गाडीत जाऊन बराच वेळ नुसती बसली. लिंडाला फोन मी केला. तिने शेवटपर्यंत ऐकलं आणि विचारलं, "डीकन कुठे आहे आता?"

डीकनला सरकारी केंद्रावर नेलं. तिथे नियमाप्रमाणे खच्ची केलं. म्हातारा असून तो त्यातून नीट बाहेर पडला. कागद पुढे सरकले आणि काही महिन्यांनी लिंडाला तो मिळाला. तरी मी त्याला बघायला गेले नव्हते. खरं तर टाळत होते. दरीतला रस्ता तयार झाला होता, खाणीच्या ट्रकांचा धुरळा आमच्या गावातून दिसायचा. मंदारची पुढच्या साइटवर बदली झाली. जाताना तो दवाखान्याच्या दारात शेंगाचटणीची बरणी ठेवून गेला, आत न येता.

मग एक दिवस लिंडाचा फोन आला. "डॉक, डीकन लंगडतोय. निदान मला तरी तसं वाटतंय. येऊन बघ ना."

गेले. तिच्याकडे डोंगराच्या उतारावर चांगलं मोठं कुरण आहे, मधून एक पाण्याचा चर जातो. डीकनची तब्येत उत्तम होती. साडेपाच. लिंडाच्या हातून गाजर खाण्याइतका तो माणसाळला होता, त्यामुळे मला त्याला नीट तपासता आलं. चारही खूर चिमट्याने दाबून पाहिले. प्रत्येक सांधा वाकवून धरला आणि सोडून चालवून पाहिलं. सूज नाही, गरम नाही, दुखत नाही. लिंडाला म्हटलं, सोडून दे त्याला, मी लांबून बघते.

तो हळूहळू चालत होता. निरोगी घोडा चालतो त्याच्या निम्म्या वेगाने. वळताना सरळ वळत नव्हता, अंग सोडून लांबून, मोठा वळसा घेत होता. चरापाशी आला आणि थांबला. पाणी प्यायला नाही, नुसताच थांबला. घोट्याएवढा चर, कोणताही घोडा न बघता ओलांडेल. डीकनने पाय उचलून काठावर एकदा टाकला, पुन्हा टाकला, आवाज होईल असा. नाकातून हळूच आवाज केला. थोडा वेळ उभा राहिला. मग पलीकडे गेला, पुन्हा थांबला आणि मान वळवून मागे बघितलं.

"बघ," लिंडा म्हणाली. "दर वेळी असंच. बाकीचे घोडे कधीच पुढे निघून जातात, हा मागे राहतो. काय झालंय त्याला?"

"पायांना काही झालेलं नाही, लिंडा. तो तिच्यासाठी थांबतोय."

तिने वळून चराकडे बघितलं. मग कुंपणाच्या खांबाला टेकली आणि रडली. मीही रडले. डॉक्टरने रडू नये म्हणतात, पण तिथे आम्ही दोघीच होतो.

"याला काही औषध?"

"नाही."

खात्याकडून मला अजूनही बोलावणं येतं, कारण दुसरं कोणी मिळत नाही. मीही जाते, कारण मी नाही गेले तरी घोडे पकडले जाणारच आहेत. फरक एवढाच की आता मी औषधांच्या पेटीपाशी बसून राहत नाही. गोणपाटाच्या भिंतीपाशी जाऊन उभी राहते आणि घोडे आत येताना बघते. डोळे, दात, पाय निवडानिवड झाल्यावरही तपासता येतात. कोण कोणाच्या बरोबर आलं, हे मात्र फाटक फिरायच्या आधीच बघून ठेवावं लागतं.